घड्याळात बघ, अर्जुना

साहेब, तुम्ही आवाज काढून टाकलात. चित्र ठेवलंत, आवाज काढलात आणि त्या जागी व्हायोलिन घातलंत. हे चुकून झालं असं मला सांगू नका. चुकून बटण दाबलं जातं. चुकून व्हायोलिन वाजत नाही.

तुमचं नाव मला माहीत नाही. तुमच्या कार्यक्रमाच्या शेवटी नावं इतक्या जोरात वर पळाली की एकच वाचता आलं आणि ते माझं होतं. सौजन्य, हंबीरराव, आष्टा, जिल्हा सांगली. जन्मभर आपलं नाव कुठंतरी झळकावं म्हणून मी झुरलो. माधवनगरच्या गिरणीत मागावर होतो. गिरणी बंद पडली तेव्हा माझ्या जोडीचे लोक रिक्षा चालवायला लागले आणि मी लेखक झालो. रिक्षावाल्यांचं बरं चाललंय. माझी एकही गोष्ट कुणी छापली नाही, आणि शेवटी नाव आलं ते असं आलं, की आष्ट्याच्या बाजारातनं जाताना मी गमजा तोंडावर ओढून घ्यायला लागलो.

हे मी तुम्हाला लिहितोय, पण तुम्ही वाचणार नाही. दुसरे वाचतील. म्हणून पहिल्यापासून सांगतो.

शहाण्णव साली दिवाळी झाल्यावर लालासाहेबांनी काशीयात्रा काढली. लालासाहेब म्हणजे आमचे सुभेदार. फौजेतनं रिटायर होऊन आले तरी गल्लीतनं चालताना पाय आपटत चालतात. पोरगाही फौजेतच आहे. गाडी सांगलीची ठरवली, बसणारे सगळे आष्ट्याचे. आमची माणसं काशीला जातील पण काशीचं खाणार नाहीत, त्यामुळं गाडीच्या टपावर पिठाची पोती, रॉकेलचे स्टोव्ह, परात, तवे आणि स्वयंपाकाला अर्जुना.

अर्जुना गावातल्या लग्नांत स्वयंपाक करायचा. उंच, वाकलेला, सारखा हसणारा. त्याच्यासोबत एक स्टीलचा मोठा डबा, पितळी कडीचा. त्यात त्याच्या बायकोनं, चंद्राबाईनं कुटलेली कांदा-लसूण चटणी. त्या डब्यावर नाव घातलेलं होतं, आपल्याकडं आहेराच्या भांड्यावर घालतात तसं. चि. सौ. कां. चंद्राबाई हिस मामाकडून. अख्खी गाडी त्या डब्यावर जगली. उत्तरेच्या पाणचट भाजीवर ती चटणी टाकली की माणसाला आपण कुठं जन्मलो ते आठवायचं.

यात्रेचं शूटिंग करायला गुंडा होता. गुंडा लग्नाच्या कॅसेटी काढतो. परत आल्यावर मावंदं घालायचं, म्हणजे गंगेच्या लोट्याची पूजा आणि गावजेवण, आणि त्या दिवशी मांडवात टीव्ही लावून अख्खी यात्रा गावाला दाखवायची, असा सुभेदारांचा बेत. मला कुणी बोलावलं नव्हतं. मी आपणहून जाऊन सांगितलं की नुसतं चित्र मुकं असतं, त्याला निवेदन पाहिजे, आणि निवेदन करील असा माणूस या तालुक्यात एकच आहे. सुभेदारांनी गाडीत एक सीट मोकळी आहे का ते विचारलं. होती. तेवढ्यावर माझी निवड झाली.

आता गुंडाच्या धंद्याची एक रीत सांगायला पाहिजे. त्याशिवाय तुम्ही काय केलंत ते लोकांना कळणार नाही.

गुंडाचा एक मंत्र आहे, ‘परत एकदा.’ भटजींची पाठ आडवी आली आणि मंगळसूत्र दिसलं नाही, की परत एकदा. नवरा मंगळसूत्र काढून घेतो आणि पुन्हा बांधतो. आमच्या भागातल्या निम्म्या नवऱ्यांनी एकाच बायकोशी दोनदा लग्न केलंय. हार घालताना कॅमेऱ्याकडं बघायचं राहिलं, की हार काढा, परत एकदा. एका लग्नात नवरी सासरी निघताना नीट रडली नाही म्हणून गुंडानं तिला गाडीतनं उतरवून परत रडायला लावलं, आणि दुसऱ्या खेपेला ती अशी रडली की ड्रायव्हरनंही डोळे पुसले. यात कुणाला काही खोटं वाटत नाही. झालेलंच परत करायचं, फक्त दिसेल असं.

त्या दिवशी सकाळी उत्तरेतल्या एका शहराच्या बसस्थानकाबाहेर आमची गाडी पंक्चर झाली. शहराचं नाव लिहीत नाही. तुम्हाला माहीत आहे, आणि त्या शहरानं आमचं काही वाईट केलेलं नाही. कडुनिंबाखाली जागा बघून अर्जुनानं तिथंच स्टोव्ह मांडले. गुंडा म्हणाला, स्वयंपाक्याचं शूटिंग राहिलंय, घेऊ. अर्जुना गाडीकडनं डबा घेऊन आला, ठेवला आणि फतकल मारून कांदा चिरायला बसला. गुंडानं ते घेतलं. मला पसंत पडलं नाही. मी त्याला म्हणालो, यात नाट्य नाही.

नाट्य हा शब्द मी सांगलीच्या वाचनालयात शिकलो. तो शिकलो नसतो तर बरं झालं असतं.

मग मी दिग्दर्शन केलं. अर्जुनाला सांगितलं, तू त्या स्थानकाच्या भिंतीमागून ये. इकडंतिकडं बघ, म्हणजे चांगली जागा शोधतोयस असं वाटंल. मग डबा अगदी हळू ठेव, म्हणजे अन्नाबद्दलचा आदर दिसंल. मग घड्याळात बघ, म्हणजे स्वयंपाकी वेळेचा पक्का आहे हे कळंल. आणि मग चटचट निघून जा, म्हणजे कामाचा माणूस. प्रत्येक गोष्टीला माझ्याकडं कारण होतं. मी फार विचार करून काम करतो, साहेब.

अर्जुनानं मनगट वर करून बघितलं आणि म्हणाला, “हंबीरराव, घड्याळ बंद हाय की.”

“बंद असू दे. टीव्हीत काटे दिसत नाहीत. तू बघ.”

“बरं. चालू हाय आसं समजून बगतो,” तो म्हणाला आणि हसला. “पर आमटी करपली तर तुमच्या निवेदनात सांगा, घड्याळामुळं करपली म्हणून.”

गुंडाचा कॅमेरा तोवर चालू झाला होता, त्यामुळं हे सगळं कॅसेटवर आहे. माझं “अर्जुना, परत एकदा” आहे. “घड्याळात बघ” आहे. त्याचं उत्तर आहे, त्याचं हसणं आहे. मग तो भिंतीमागं गेला आणि मी सांगितलं तसं सगळं केलं. अभिनय त्याला येत नव्हता. आणि ज्याला अभिनय येत नाही त्याला इकडंतिकडं बघायला सांगितलं की तो चोरासारखाच बघतो. तेव्हा मला ते फार परिणामकारक वाटलं होतं.

शूटिंग झालं. अर्जुना बादली घेऊन तिकिटाच्या खिडकीजवळच्या नळाला गेला. मी कॅमेऱ्यासमोर उभा राहून त्या शहराचा इतिहास सांगायला लागलो. तो मी जागच्या जागी रचत होतो. रचता रचता एका राजापर्यंत आलो होतो तेवढ्यात खिडकीपाशी कुणीतरी ठेवलेली बॅग फुटली.

पुढचं कॅसेटवर आभाळ आहे, पाय आहेत, धूर आहे आणि माझी एक चप्पल आहे. मी कॅसेटवर नाही, कारण मी बसखाली होतो. कसा गेलो ते आठवत नाही. सुभेदार सांगतात, मी त्यांच्या अंगावरून गेलो. फौजेत इतकी वर्षं काढली पण मला कुणी असं तुडवलं नव्हतं, असं ते पुष्कळ दिवस चारचौघांत सांगत होते.

नळावरचे कुणीच उठले नाहीत. त्या शहरातल्या माणसांबद्दल मी लिहिणार नाही, ते त्यांच्या घरच्यांनी लिहावं. आमचा अर्जुना त्यांच्यात होता. त्याला तिथंच अग्नी दिला आणि अस्थी घेऊन काशीला गेलो. डबा कडुनिंबाखाली होता तसाच होता, झाकण घट्ट, चिमूटभर चटणी सांडली नव्हती. चंद्राबाईच्या हातात तो परत दिला सुभेदारांनीच. मावंदं वर्षानं घालायचं, गंगेच्या लोट्याशेजारी अर्जुनाचा फोटो ठेवून घालायचं, असा शब्दही त्यांनीच दिला.

गुंडानं ती कॅसेट कपाटात टाकली. तिच्यावरनं दुसरी काढायची कुणाला वासना झाली नाही.

दुसऱ्या वर्षी पावसाळ्यात वाचनालयात पेपर वाचताना तुमचं आवाहन दिसलं. देशातल्या स्फोटांवर तुम्ही कार्यक्रम काढणार होतात, तोही साध्या माणसांनी आपल्या कॅमेऱ्यानं काढलेल्या चित्रांतनं. साधी माणसं वाचून माझा ऊर भरून आला. मी पत्र घातलं. त्यात माझं साहित्य, माझी निवेदनशैली, समाजाची अनास्था, सगळं लिहिलं. कॅसेटीचा उल्लेख शेवटी केला.

तुम्ही ऋचाला पाठवलंत. ऋचा पुण्याची, तुमच्याकडं नोकरीला, वागायला चांगली. मला काका म्हणाली. मी तिला चंद्राबाईच्या घरी नेलं. चंद्राबाईनं तिला भाकरी वाढली आणि त्याच डब्यातनं चटणी काढली. पोरीच्या डोळ्यांतनं नाकातनं पाणी, पण मागून घेऊन खाल्ली. डब्यावरचं नाव तिनं मोठ्यानं वाचलं, मामा कुठले म्हणून विचारलं. हे ध्यानात ठेवा. तुमच्या माणसानं त्या डब्यातलं खाल्लेलं आहे.

गुंडा कॉपी करून देतो म्हणत होता. ती म्हणाली, कॉपीत चित्र फुटतं, मूळचीच द्या, परत पाठवू. गुंडानं माझ्याकडं बघितलं. मी विचारलं, नाव येईल ना? ती म्हणाली, येईल. मी गुंडाला म्हणालो, दे.

कार्यक्रम लागायचा होता त्या संध्याकाळी सुभेदारांच्या सोप्यात, पुढच्या पडवीत, गाव जमलं. मी इस्त्रीचा शर्ट घालून टीव्हीशेजारी खुर्चीवर, लोकांना माझं तोंड टीव्हीत आणि टीव्हीबाहेर एकदमच बघता यावं म्हणून. चंद्राबाई येत नव्हती. तिचं म्हणणं, माणूस मेलेला बघायला कशाला येऊ. मी तिला जाऊन म्हणालो, वहिनी, मेलेला नाही, बोलताना आहे तो.

“त्यांचा आवाज हाय त्यात?” तिनं विचारलं.

मी म्हणालो, आहे. निवेदन माझंय, पण मध्ये तो बोललाय, हसलाय. ती पदर सारखा करून आली आणि दाराशी बसली. तिच्याकडं अर्जुनाचा लग्नातला एक फोटो होता. आवाज कुठंच नव्हता. आपल्या माणसांचा आवाज कोण जपून ठेवतो?

मग तुमचं व्हायोलिन सुरू झालं.

अर्जुना भिंतीमागनं आला. पण चालत नव्हता, पाण्यात चालल्यासारखा तरंगत होता, इतकं हळू केलं होतंत. त्यानं डावीकडं बघितलं. उजवीकडं बघितलं. डबा ठेवला. तिथं तुम्ही चित्र थांबवून डब्याभोवती लाल गोल काढलात. त्यानं घड्याळात बघितलं. मनगटाभोवती दुसरा गोल. मग जाडजूड हिंदीत एक माणूस विचारायला लागला, हा माणूस कोण आहे? या डब्यात काय आहे? तो कशाची वेळ पाहतो आहे? अर्जुना चटचट निघून गेला. लगेच धूर, पाय, माझी चप्पल. आणि लगेच साबणाची जाहिरात.

जाहिरातीनंतर तुम्ही दुसऱ्याच शहरात गेलात. प्रश्न आमच्या सोप्यात तसाच पडून राहिला.

मी त्या जागेवर होतो, मीच त्याला तसं चालायला लावलं होतं, तरी सांगतो, टीव्हीवर बघताना क्षणभर माझ्याही मनात आलं, खरंच, कोण हा माणूस? यात्रेला आलेले पंधरावीस जण सोप्यात होते. त्याच्या हातची आमटी ओरपलेले. त्यातले दोघं एकमेकांकडं बघताना मी बघितले. तुमच्या गोलात एवढी ताकद आहे, साहेब.

चंद्राबाई दाराशी उठून उभी राहिली आणि एवढंच म्हणाली, “आवाज कुटं गेला?”

तेवढ्यात कार्यक्रम संपला आणि माझं नाव वर गेलं.

त्यानंतरचं थोडक्यात सांगतो. चंद्राबाई उन्हाळ्यात घरोघरी मसाला कुटून द्यायची, चटणी विकायची. एका घरानं नेलेली चटणी परत पाठवली. कारण सांगितलं, पोरांना तिखट होते. वर्षानुवर्षं तीच चटणी खाऊन पोरं मिशा फुटेपर्यंत आली होती. मग दुसऱ्या घरानं परत पाठवली. तोंडावर कुणी काही म्हणत नव्हतं. तिच्या माहेराकडनं, खंडाळ्याच्या बाजूनं, भाऊ येऊन गेला आणि जाताना हळूच विचारून गेला की दाजींची तिकडं कुणाशी ओळख होती का.

मी एसटीडी बूथवरनं दिल्लीला तुमच्या कचेरीत फोन लावला. पुष्कळ खेपांनी ऋचा सापडली. मी जे बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही. ती ऐकून घेत होती. मग म्हणाली, “काका, आम्ही कुठं म्हटलं तो अतिरेकी आहे? आम्ही फक्त प्रश्न विचारला.”

“तुला उत्तर माहीत होतं. तू खाल्लंस त्यातलं.”

बूथवरचे आकडे पळत होते. मग ती हळू आवाजात म्हणाली की कॅसेट तिनं आवाजासकटच वर दिली होती, आवाज वरच्यांनी काढून टाकला. वर कोण, हे तिनं सांगितलं नाही. कॅसेट आता लायब्ररीत आहे, तिथं हजारो आहेत, शोधायला वरची सही लागते. वर म्हणजे तुम्ही. म्हणून हे सगळं तुम्हाला लिहितोय.

मग मी डबा घेऊन सांगलीला पोलिसांच्या मोठ्या कचेरीत गेलो. म्हणालो, अर्जुना निर्दोष होता असं लिहून द्या. तिथल्या साहेबांनी झाकण उघडून वास घेतला आणि इतके शिंकले की बाहेरचा शिपाई आत आला. नाक पुसत त्यांनी विचारलं, याच्यावर गुन्हा दाखल आहे का? नाही. कुणी तक्रार? नाही. मग ज्याच्यावर आरोपच नाही त्याला निर्दोष कसं लिहून देऊ? आधी आरोप आणा. ते चेष्टा करत नव्हते. मी चिडून विचारलं की आरोप मिळवायला कुठला अर्ज करू, आणि त्यांनी खरंच थोडा विचार केला.

मावंदं जवळ आलं. सुभेदारांनी मला बोलावून घेतलं. चहा पाजला, तेव्हाच मला कळलं.

“हंबीरा, माजा पोरगा फौजेत हाय,” ते म्हणाले. “त्याच्या युनिटात समद्यांनी बगितलं त्ये. मला म्हाईत हाय अर्जुना कसा हुता. पर फोटू नको ठिवाया ह्या वर्साला. फुडं बगू.”

मी त्यांना भित्रे म्हणालो. बसखालून म्हणालो, असं त्यांच्या चेहऱ्यावर दिसलं. मग तो निरोप सांगायला चंद्राबाईकडं मलाच जावं लागलं. लेखक माणूस, शब्द चांगले सापडतील म्हणून.

ती जात्यापाशी बसली होती. मी गोल गोल बोललो. तिनं सगळं ऐकलं आणि म्हणाली, “भावजी, ह्यांनी डबा पयल्यांदा आणला तवा कसा आणला हुता?”

“सरळ. आला, ठेवला, कांदा चिरायला बसला.”

“मग तुमी परत चालाया लावलं. एकदाच चालले आसते तर टीवीवाल्यांच्या कामाचे नव्हते त्ये.”

शब्द सापडले नाहीत. ती पुढं म्हणाली, “आता गप बसू नगा. गुंडाला सांगा, मावंद्याला क्यामेरा आणायचा.”

मावंद्याच्या दिवशी मांडव भरला. गंगेचा लोटा चौरंगावर, हळदकुंकू, फुलं. फोटो नव्हता. पंगत बसणार एवढ्यात चंद्राबाई कमरेवर डबा घेऊन मांडवात आली. बायका बाजूला सरल्या. ती थेट सुभेदारांसमोर उभी राहिली.

“आवं सुभेदार, ह्यो धरा. माज्या मालकानं जे क्येलं त्ये तुमी करून दावा. परत एकदा.”

सुभेदारांनी हात मागं घेतले असते तरी चाललं असतं. पण फौजेतला माणूस, समोरून दिलेली वस्तू हातात घेतोच. डबा हातात आला आणि ते अडकले. गुंडानं कॅमेरा खांद्यावर घेतला. चंद्राबाई माझ्याकडं वळली. “तुमी सांगा. तवा सांगितलं तसं. येक शब्द कमी नगं, येक जास्ती नगं.”

माझ्या आयुष्यातलं हे दुसरं दिग्दर्शन. मी म्हणालो, सुभेदार, मांडवाच्या खांबामागून या. ते आले, परेडला निघाल्यासारखे. मी म्हणालो, असं नाही. इकडंतिकडं बघा, जागा शोधताय असं. सुभेदारांनी मान खाली करून डावीकडं डोळे फिरवले, मग उजवीकडं. जन्मात कधी अभिनय न केलेला माणूस. मिशा, जाडजूड भुवया, आणि छातीशी डबा.

बायकांतनं हरणाबाई म्हातारी म्हणाली, “आगं बया, हे तर अर्जुनापरीस मोठं अतिरेकी दिसत्यात.”

मांडव हसायला लागला. सुभेदार लाजून आणखी इकडंतिकडं बघायला लागले आणि आणखीच भयंकर दिसायला लागले. पोटं धरून लोक हसत होते. मी म्हणालो, आता डबा हळू ठेवा. हळू, अन्न आहे. त्यांनी ठेवला. मी म्हणालो, आता घड्याळात बघा.

त्यांनी मनगट वर केलं आणि तिथंच थांबले. हसणं हळूहळू विरलं. इथं अर्जुनाचं वाक्य होतं. यात्रेला आलेल्या सगळ्यांना माहीत होतं, कारण आम्ही ते गावात येऊन शंभरदा सांगितलं होतं. कुणालाच ते म्हणवेना.

“त्याचं बंद हुतं,” सुभेदार म्हणाले. “माजं चालू हाय.”

मग त्यांनी डबा उचलून चौरंगावर गंगेच्या लोट्याला लागून ठेवला, झाकण काढलं, हाताला आली तेवढी चटणी घेऊन उभ्या उभ्याच तोंडात टाकली. डोळ्यांतनं पाणी आलं. चटणीचं असेल. तिखट आहे ती. मग त्यांनी सुनेला हाक मारून आतल्या खोलीतनं फोटो आणायला सांगितला. फोटो हार घालूनच ठेवलेला होता. म्हणजे सुभेदार सकाळपासून ठरवत होते आणि मोडत होते.

पंगत बसली. चटणी प्रत्येक पानावर गेली. पोरांना तिखट होते म्हणणारं घर पहिल्या पंगतीत होतं आणि त्यांनी दोनदा मागितली.

संध्याकाळी भांडी घासून झाल्यावर मी चंद्राबाईकडं गेलो. शाबासकी मिळेल अशी आशा होती, खोटं कशाला बोलू. म्हणालो, वहिनी, झालं मनासारखं. गावाला पटलं.

“गावाला पटलं,” ती म्हणाली. डबा उलटा करून पुसत होती. “पर त्ये सुभेदार बोलले, भावजी. ह्यांचं बोलनं कुटं हाय?”

तर साहेब, या गोष्टीसोबत गुंडानं काढलेली नवी कॅसेट पाठवतोय. हिच्यात आवाज आहे. चटणीची पुडीही ठेवली आहे. तुम्ही सगळ्या देशाला विचारलं होतंत, या डब्यात काय आहे. खाऊन बघा, झेपली तर. हा माणूस कोण आहे, असंही विचारलं होतंत. तो अर्जुना होता, आष्ट्याचा, स्वयंपाकी. घड्याळ बंद होतं आणि माझ्यासारख्या शहाण्याच्या सांगण्यावरनं तो त्यात बघत होता. तुमच्या तिन्ही प्रश्नांची उत्तरं पोचली.

आता आमचा एकच आहे. तुमच्या त्या हजारो कॅसेटींत कुठंतरी एक माणूस म्हणतोय की घड्याळ बंद आहे, आणि हसतोय. जगात त्याचा आवाज तेवढाच उरलाय, आणि तो तुमच्या कपाटात आहे. माझं नाव काढून टाका, पाहिजे तर माझं निवेदनही पुसा, त्या राजाचा इतिहास खोटाच होता. तेवढा आवाज ठेवा. चंद्राबाई दाराशी बसलीय आणि मी तिला काय सांगू ते तुम्ही सांगा. तो आवाज तिला कधी परत देताय?